भांडुपची मुलगी, माटुंग्याचा मुलगा आणि २६ लाखांचा अंदाज

भांडुपच्या एका ताईंचं पत्र आलं आहे. त्या ५७ वर्षांच्या आहेत, एका बालवाडीत शिकवतात आणि महिन्याला १८ हजार मिळवतात. यजमान गेल्या वर्षी खासगी कंपनीतून साठाव्या वर्षी निवृत्त झाले. २९ वर्षांच्या मुलीचं लग्न माटुंग्याच्या एका तमिळ कुटुंबातल्या मुलाशी ठरलं आहे आणि तारीख डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यातली धरली आहे. खर्चाचा अंदाज २६ लाख. लग्नासाठी म्हणून साठवलेले ६ लाख आहेत. उरलेल्या २० लाखांपैकी ९ लाख ताईंच्या पीपीएफ या सरकारी बचत खात्यातून आणि ११ लाख यजमानांच्या मुदत ठेवीतून काढायचे, असा विचार आहे. यजमानांचं म्हणणं, ठेव मोडण्यापेक्षा मुलीच्या नावावर ८ लाखांचं वैयक्तिक कर्ज घेऊ. ताई विचारतात, "पीपीएफ मोडू की कर्ज काढू? दोन्हीकडच्या रीती करायच्या म्हणजे खर्च दुप्पट होणारच. मग त्यातली कुठली रीत सोडू?"

ताई, आधी उत्तर सांगतो, मग कारणं. पीपीएफला हात लावू नका आणि कर्जही काढू नका. रीत तर एकही सोडू नका.

तुम्ही पत्रासोबत जो कागद जोडला आहे, तो मी समोर घेऊन बसलोय. दोन दिवसांचा हॉल आणि सजावट साडेचार लाख. लग्नाच्या दिवशी ६०० ताटं, ९०० रुपये दराने, ५ लाख ४० हजार. दुसऱ्या दिवशीच्या रिसेप्शनला ४०० ताटं, ११०० रुपये दराने, ४ लाख ४० हजार. पाच तोळे नवं सोनं ८ लाख. कपडे, मानपान, आहेर २ लाख २० हजार. फोटो, गाड्या, मेकअप, भटजी मिळून दीड लाख. या सगळ्या कागदावर 'रीत' म्हणावी अशा गोष्टीचा खर्च शोधायला गेलो, तर भटजींच्या दक्षिणेखेरीज काही सापडत नाही. अंतरपाट म्हणजे एक वस्त्र. अक्षता म्हणजे हळद-कुंकू लावलेले तांदूळ. लाजाहोमाला साळीच्या लाह्या आणि तूप, गौरीहराच्या पूजेला मातीची बोळकी. हिरवा चुडा काही हजारांत होतो. तुमच्या होणाऱ्या विहीणबाईंनी ज्या गोष्टी हव्यात म्हणून सांगितल्या, त्याही अशाच आहेत. काशीयात्रेला मुलाच्या हातात छत्री, काठी आणि पंखा लागतो. ऊंजलला एक झोपाळा आणि गाणाऱ्या चार बायका. दोन माळा, दूध-केळं. नादस्वरम् आणि तविलवाले, म्हणजे त्यांचे सनई-ढोलवाले, बोलवायचे ते सकाळच्या तीन तासांपुरते.

खर्च होतोय तो माणसांवर, दुसऱ्या दिवसावर आणि सोन्यावर. घरात पैशाची ओढाताण झाली की आपण सगळ्यात आधी रीती कापतो, कारण त्या कापल्या तर कुणी नाराज होत नाही. यादीतलं नाव कापलं की मात्र नाराजी येते. म्हणून देवकाला आणि ग्रहमखाला फाटा मिळतो आणि सहाशे ताटं जागेवरच राहतात. मला याचं मनापासून वाईट वाटतं. मुलीला पुढे आठवणार आहे ते मामाने हात धरून अंतरपाटापाशी आणलं ते, ऑफिसातल्या कुणी काय खाल्लं ते नव्हे.

मामावरून आठवलं. तमिळ लग्नात माळा बदलताना वधूला आणि वराला आपापले मामा उचलून धरतात. म्हणजे मामाचा मान दोन्हीकडे आहे. आपल्याकडे नऊवारी, तर त्यांच्याकडे नऊ वारांचंच मडिसार. मंगळसूत्राची एक वाटी माहेरची, एक सासरची. त्यांच्याकडे तालीची, म्हणजे त्यांच्या मंगळसूत्राची, पहिली गाठ नवरा बांधतो आणि बाकीच्या गाठी मारायला त्याची बहीण पुढे येते. सप्तपदी तर एकच. तेव्हा दोन्ही रीती एकाच मांडवात, एकाच सकाळी बसतात. त्यांचे मुहूर्त बहुधा सकाळचे असतात. सात वाजता काशीयात्रा आणि ऊंजल, मग माळा, अंतरपाट, मंगलाष्टका, दोन्हीकडचं मंगळसूत्र, लाजाहोम, सप्तपदी आणि दुपारी एकला पंगत. तुमचे भटजी आणि त्यांचे शास्त्री यांना महिनाभर आधी एकत्र बसवा आणि कुठला विधी कोण सांगणार ते कागदावर लिहून घ्या. माटुंग्यात हे काम करून मुरलेली माणसं आहेत. केळीचं पान, मोगऱ्याचे गजरे, केळीचे खांब सगळं तिथल्या फुलगल्लीत आणि आसपास मिळतं. दुसरी रीत जोडल्याने खर्च ४०-५० हजारांनी वाढेल. दुसरा दिवस जोडल्याने मात्र तुमच्याच कागदाप्रमाणे साडेसहा लाखांच्या वर जातात.

आता घराच्या महिन्याच्या हिशेबाकडे येतो. कागदात तुम्ही तो मांडलेलाच नाही आणि माझी खरी काळजी तिथे आहे. यजमानांचे २० लाख ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत आहेत. ८.२ टक्क्यांनी दर तिमाहीला ४१ हजार येतात, म्हणजे महिन्याला सुमारे १३ हजार ७००. १४ लाखांच्या ठेवीचं व्याज महिन्याला साडेसात हजार. पेन्शन ५ हजार. तुमचा पगार १८ हजार. आणि मुलगी घरात १५ हजार देते. एकूण ५९ हजार येतात, खर्च ४८ हजार, म्हणून आज घर सुखात चाललंय. लग्नानंतर मुलीचे १५ हजार थांबतील. ते थांबलेच पाहिजेत, तिला तिचा संसार आहे. ११ लाखांची ठेव मोडलीत की व्याजाचे आणखी सहा हजार जातील. म्हणजे जानेवारीपासून घरात ३८ हजार येतील आणि खर्च ४८ हजारच राहील. तुमच्या मुलाचं इंजिनिअरिंगचं शेवटचं वर्ष अजून व्हायचंय. तीन वर्षांनी तुमची बालवाडी सुटली, की हातात राहतील २० हजार.

त्या दिवशी तुमचा पगार कोण देणार? पीपीएफ देणार. तुमच्या पीपीएफकडे मी तसंच बघतो. आजचे ११ लाख नवीन एक रुपया न भरताही ७.१ टक्क्यांनी तीन वर्षांत साडेतेरा लाखांच्या आसपास जातात आणि त्यावर कर नाही. शिवाय एक गोष्ट तुमच्या नजरेतून सुटली आहे. तुमचं खातं २०१०-११ मध्ये उघडलेलं, त्याची १५ वर्षं ३१ मार्च २०२६ ला पूर्ण झाली आणि तुम्ही पुढे भरणा चालू ठेवून ते पाच वर्षांनी वाढवलंत. असं वाढवलेल्या खात्यातून त्या पाच वर्षांत मिळून, सुरुवातीच्या शिलकेच्या ६० टक्क्यांपर्यंतच रक्कम काढता येते आणि तीही वर्षातून एकदा. ३१ मार्चला शिल्लक साडेदहा लाख होती, म्हणजे मर्यादा ६ लाख ३० हजारांची. ९ लाख बँक तुम्हाला देणारच नाही. हे नोव्हेंबरात काउंटरवर कळलं असतं, तर ऐन वेळी हात पसरावे लागले असते.

कर्जाचं सांगतो. ८ लाख, १३ टक्के, पाच वर्षं धरली तर हप्ता महिन्याला १८ हजार २०० रुपये आणि व्याजच २ लाख ९० हजारांच्या वर. हा हप्ता मुलगी सासरी घेऊन जाईल. उद्या ती दोघं घर घ्यायला बँकेत गेली, की गृहकर्ज किती द्यायचं हे ठरवताना बँक आधी हाच हप्ता वजा करेल. १९९४ साली माझ्या ताईच्या लग्नाला वडिलांनी पतपेढीतून कर्ज काढलं होतं. ते फिटायला सात वर्षं लागली. त्या सात वर्षांत आईने स्वतःच्या दातांचं काम दर वर्षी पुढे ढकललं आणि आम्हाला कुणाला कळू दिलं नाही. ताईला हे खूप उशिरा समजलं आणि ती रडली. तुमच्या मुलीला असं काही पुढे कळावं, असं मला वाटत नाही.

मग लग्न कितीत करायचं? मी मांडतो. एकच दिवस, हॉल आणि सजावट अडीच लाख. ३५० ताटं, ३ लाख १५ हजार. नवं सोनं आणि जुन्याची डागडुजी मिळून दीड लाख. कपडे, मानपान दीड लाख. फोटो, गाड्या, भटजी-शास्त्री, नादस्वरम् १ लाख २० हजार. आणि ६५ हजार लग्नानंतरच्या पहिल्या वर्षासाठी बाजूला, त्याचं कारण पुढे सांगतो. एकूण साडेदहा लाख.

यातला हॉल आणि जेवण निम्मं मुलाकडच्यांनी देऊ केलंय, असं तुम्हीच लिहिलंय. यजमानांना ते पटत नाही, मुलीकडच्यांनीच लग्न करून द्यायचं ही आपली पद्धत, असं ते म्हणतात. त्यांना माझा निरोप सांगा, की ती पद्धत तमिळ घरांतही तशीच होती आणि तरीही त्या माणसांनी आपण होऊन हात पुढे केलाय. अशा वेळी नको म्हटलं तर व्याहीच दुखावतील. त्यांचे २ लाख ८० हजार धरले, तर तुमच्याकडे उरतात ७ लाख ७० हजार. साठवलेले ६ लाख आहेत. उरलेले पावणेदोन लाख मुलगी तिच्या बचतीतून द्यायला तयार आहे. घ्या ते पैसे. 'मुलीचे पैसे तिच्याच लग्नाला कसे घ्यायचे' हा तुमचा संकोच मला कळतो, पण ती २९ वर्षांची कमावती मुलगी आहे, तिलाही आपल्या लग्नात हातभार लावल्याचं समाधान मिळू द्या. ठेवीला धक्का लागत नाही, पीपीएफ तसाच राहतो.

सोन्याबद्दल थोडं सविस्तर, कारण ८ लाखांचा आकडा तिथेच आहे. सराफाने तुम्हाला १४ टक्के घडणावळ सांगितली आहे. ती आणि वरचा जीएसटी मिळून त्या ८ लाखांत सुमारे १ लाख २० हजार निघून जातात. उद्या तेच दागिने विकायला गेलात, तर हे पैसे परत येत नाहीत. तुमच्या कपाटात १८ तोळे जुनं सोनं आहे. त्यातली आजीची ठुशी आणि पाटल्या पॉलिश करून मुलीला द्या, मोडू नका. मोडलंत की घट धरली जाते आणि नव्याची घडणावळ पुन्हा पडते. नवं काय घ्यायचं, तर माहेरची वाटी, एक छोटा सर आणि जावयाची अंगठी. नव्या दागिन्यावर हॉलमार्क आणि सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी हा ओळख क्रमांक बघूनच पैसे द्या, १ एप्रिल २०२३ पासून त्याशिवाय दागिना विकता येत नाही. आणि मुलीला जे काही द्याल त्याची यादी करा, दोन्हीकडच्यांच्या सह्यांसकट. हुंडाबंदी कायद्याखालच्या १९८५ च्या नियमांत अशी यादी ठेवायला सांगितलंच आहे. यात अविश्वास काही नाही. ते तिचं स्त्रीधन आहे आणि ते कागदावर तिचं असावं.

आता ६०० ची ३५० माणसं कशी करायची. तुमच्या यादीत कणकवलीहून दोन बसने येणारे १२० गाववाले आहेत. त्यांचा मुक्काम, चहा-नाश्ता, बसचं भाडं वेगळंच. याच पत्रात तुम्ही विचारलंय, की यंदा खर्च वाचवायला गणपतीला गावी जाणं टाळू का. ताई, हे उलट करा. १४ सप्टेंबरला गणपती आहेत. घरचा पाच दिवसांचा गणपती, सगळे चाकरमानी गावात, भावकी एका ओट्यावर. तिथेच मुलीचं केळवण करा. होणाऱ्या जावयाला आणि त्याच्या आई-वडिलांना बोलवा, आरतीला उभे राहू दे, उकडीचे मोदक खाऊ दे. त्यांच्याकडचं कोळुकट्टै आणि आपला मोदक हे सख्खे भाऊच आहेत, त्यांना परकं वाटणार नाही. ग्रामदेवतेला नारळ ठेवा, गाऱ्हाणं घाला, सगळ्या गावाला पंगत वाढा. ३०-३५ हजारांत होईल. तेवढ्यासाठी साठवलेल्या सहा लाखांना हात लावू नका, गेल्या वर्षी गणपतीला जो खर्च केलात त्यातच थोडी भर घाला. मग मुंबईला लग्नासाठी घरटी एक-दोघं आले तरी कुणी रुसणार नाही, कारण मान गावातच दिलेला असेल. गणपतीचा खर्च कापण्याचा सल्ला मी कुणालाही देत नाही. वर्षातून एकदा ज्या घरात सगळे भेटतात, ते घर टिकलं पाहिजे.

तारखेचंही बोलूया. यंदा लक्ष्मीपूजन ८ नोव्हेंबरला, म्हणजे तुळशीची लग्नं २० नोव्हेंबरच्या पुढे. तिकडे १६ डिसेंबरच्या सुमारास त्यांचा मार्गळी महिना लागतो, त्यात ते लग्न करत नाहीत. आपण त्यालाच धुंधुरमास म्हणतो, बाजरीची भाकरी आणि लोण्याचा महिना. दोन्ही घरांना चालेल असा काळ मधल्या जेमतेम साडेतीन आठवड्यांचा आहे आणि मुंबईत निम्म्या लग्नघरांना तेव्हाच हॉल हवा असतो. ठरलेली तारीख शनिवारची आहे. त्याच आठवड्यातल्या मंगळवार-बुधवारचा मुहूर्त मिळतो का बघा आणि त्याचं भाडं विचारा. नाहीतर पौष संपल्यावर, फेब्रुवारीत माघ लागला की त्यांनाही अडचण नसते. मी आग्रह धरत नाही, पण विचारायला हरकत नाही.

ते ६५ हजार कशाला, ते सांगतो. मुलीकडच्यांचा खर्च लग्नाच्या दिवशी थांबत नाही आणि हे आपण कधीच लिहून काढत नाही. जानेवारीत पहिली संक्रांत, हलव्याचे दागिने, काळी साडी, तिळगूळ. त्याच दिवशी त्यांचा पोंगल, मुलीच्या माहेरून भांडं, तांदूळ, गूळ, ऊस पाठवायची त्यांची पद्धत. श्रावणात मंगळागौर. मग दिवाळसण, आणि त्यांच्याकडे नेमकं तेच, तलै दीपावली, लग्नानंतरची पहिली दिवाळी मुलीच्या माहेरी. इथे दोन रीतींचा खर्च एकातच निघतो, जावयाला एकदाच ओवाळायचंय. शेजारणीने धोंड्याच्या महिन्याची जी धास्ती घातली आहे, ती मनातून काढा. यंदाचा अधिक ज्येष्ठ होऊन गेला. पुढचा अधिक महिना २०२९ च्या मार्च-एप्रिलमध्ये. तेहतीस अनारसे आणि एक दिवा यांना तोपर्यंत आपण नक्की पुरून उरू. चांदीचं ताट द्यायलाच हवं, असं कुठेही नाही.

दोन गोष्टी घाईने सांगतो, पण त्या टाळू नका. तुमचे दीर ३ लाख रुपये रोख उसने देणार आहेत, म्हणजे लग्नात हात आखडणार नाही, असं तुम्ही लिहिलंय. माझ्या हिशेबात ते लागत नाहीत. लागलेच तर चेकने किंवा खात्यातून घ्या. २० हजार किंवा त्याहून जास्त रक्कम रोखीने उसनी घ्यायला कायद्याची परवानगी नाही आणि दंड घेतलेल्या रकमेएवढा होऊ शकतो. दुसरी, यजमानांची १४ लाखांची ठेव एकाच सहकारी बँकेत आहे. ठेव विमा एका बँकेत एका माणसाच्या ५ लाखांपर्यंतच असतो, व्याज धरून. मुदत संपेल तशी ती दोन-तीन बँकांत वाटा. लग्नाच्या गडबडीत हे राहून जाईल, म्हणून आजच कॅलेंडरवर लिहून ठेवा.

हॉलवाल्याला दिलेले ५१ हजारांचे टोकन १५ ऑगस्टपर्यंत दुसरा दिवस रद्द केला तर पहिल्या दिवसाच्या भाड्यात वळतं होतं, असं पावतीवर छापलंय. पावतीचा फोटो तुम्ही पाठवलात, म्हणून दिसलं. पहिला फोन तिथे करा. दुसरा विहीणबाईंना, गणपतीच्या आमंत्रणाचा. कोकणात यायला रेल्वेचं आरक्षण साठ दिवस आधी उघडतं, ते केव्हाच भरलं असेल. त्यांच्यासाठी गाडी तुम्हालाच बघावी लागेल, तेवढे पैसे केळवणाच्या खर्चात धरा.